मापं

मॅडिसन, इंडियाना. १८५६

नदीच्या या काठावर मी जोडे शिवतो.
पलीकडे केंटकी. तिथला कोंबडा आरवला
की इथे जाग येते,
एवढंच अंतर.

दिवसा पुढचं दार उघडं.
वकिलाच्या बायकोचे बूट, पाद्र्याच्या टाचा,
डुकरं हाकणाऱ्यांचे चिखलाने फुगलेले जोडे.
रात्री मागचं दार.

टकटक वगैरे काही नसते.
ड्रुसिला धुण्याची पाटी उंबऱ्याशी टेकवते,
म्हणते, "एक शर्ट अजून ओला आहे."
म्हणजे एक माणूस.
एकदा म्हणाली, "एक शर्ट, आणि एक झबलं,"
तेव्हा मी हातातली आरी खाली ठेवली.

दिवा लावत नाही.
माप अंधारातच घेतो, दोरीने,
दोरी चुकेल तिथे बोटांनी.
चेहरे मला ठाऊक नाहीत.
उद्या शेरिफने बायबलवर हात ठेवायला लावला
तरी खरंच सांगेन, मी कुणालाच पाहिलेलं नाही.

पाय मात्र ठाऊक आहेत.
तंबाखूच्या वाफ्यांत उभं राहून फाकलेली बोटं.
घोट्याभोवतीचं गुळगुळीत कडं, जिथे केस उगवत नाहीत:
लोखंड गेलं, त्याची जागा राहिली.
एक पाय थरथरत होता. त्याला मी
घाबरलेल्या घोड्याला धरतात तसं धरून बसलो.
एक म्हातारी चक्क हसली. गुदगुल्या होतात, म्हणाली.
सत्तर वर्षांत बाकी सगळ्याचं माप घेतलं त्यांनी,
दात, कंबर, दंड.
पायाचं कुणी घेतलं नव्हतं.

वही ठेवावी लागते, चामड्याचा हिशेब असतो.
मी टेकडीवरच्या दफनभूमीतली नावं लिहितो.
मेलेले लोक माझ्याकडून बरेच जोडे नेतात.
उधारी कुणाचीच फिटत नाही.

मिस्टर क्रेन्शॉही येतो, पुढच्या दाराने.
माणसं धरून देण्याचा धंदा, सोबत दोन कुत्री.
"नवे तळ घाल. मजबूत."
घातले. मजबूत.
मधल्या थरात तेल न दाखवलेल्या
कोरड्या कातड्याची एक पट्टी.
आता तो गल्लीत शिरला की
चार घरं आधी करकर ऐकू येते.
नवं चामडं आहे, बोलणारच, तो म्हणतो.
मी म्हणतो, बोलणारच.

फेब्रुवारीत नदी गोठली
आणि बर्फावरून चालत एक शर्ट आला.
पोरगा असावा, श्वासावरून. चौदा-पंधरा.
डावा पाय हातात घेतला
आणि दोरी थांबली.
करंगळी शेजारच्या बोटावर चढून बसलेली.
माझी बसते तशी.
आईची बसायची. बहिणीची बसायची,
तिला नॅचेझच्या बाजाराकडे नेलं तेव्हा
गाडीच्या फळीबाहेर लोंबणारे तिचे पायच
वळणापर्यंत दिसत राहिले.

नाव विचारायचं नाही हा नियम माझाच.
ठाऊक नसलेलं कुणाला मारून काढता येत नाही,
ड्रुसिलाला मीच शिकवलं.
तरी विचारलं,
"आईचं नाव काय रे तुझ्या?"

तो गप्प.
मग हळूच, थोरल्याची चूक दाखवताना बोलतात तसं,
"विचारायचं नसतं ना, काका?"

काका म्हणाला.
मी कदाचित मामा होतो.

पहाटेपर्यंत शिवत बसलो.
जोडा कुठे चावतो ते घालणाऱ्यालाच कळतं म्हणतात.
मला ठाऊक होतं.
करंगळीपाशी चामडं तेवढं सैल सोडलं.
एनस रॅटलिफचा गाडा आला, कोंड्याची पोती,
पोत्यांखाली पोरगा, उत्तरेला तोंड.
चाकांचा आवाज लायब्ररीच्या कोपऱ्यावर संपला.

वही उघडली. मेलेल्याचं नाव लिहवेना.
लिहिलं: ओबेड टँडी, एक जोड, स्वतःसाठी.
माप दोन बोटं कमी.

शाई वाळायची होती,
गल्लीत करकर सुरू झाली.